कोरा खिळा

नाव सांगत नाही. तसा कायदा आहे, आणि नोकरीही.
वय एकाहत्तर. टोलेडो, ओहायो.
बाटल्यांच्या कारखान्यात एकतीस वर्षं
सरकत्या पट्ट्याशी उभी असायची,
दिव्यासमोरून जाणाऱ्या काचेतला बुडबुडा शोधत.
हे सगळं फाइलमध्ये आहे.
मी तिला पाहिलेलं नाही.

डॉक्टर ऑस्टरहाउस यांनी लिहिलंय: नजर अधू.
एवढंच.
एवढ्यावर मला एच चौपन्न पॉइंट सात लावता येतो,
दृष्टी गेली, तपशील नाही,
आणि विमा कंपनी तो तीन आठवड्यांनी परत पाठवते
पत्ता चुकलेल्या पाकिटासारखा.
म्हणून मी विचारते. विचारायचीही रीत असते,
उत्तर सुचवायचं नाही:
कृपया कळवावे, कोणता डोळा, किती,
चष्मा लावून जास्तीत जास्त जे दिसतं ते.

दोन दिवसांनी उत्तर येतं.
उजवा: दोन फुटांवरची बोटं मोजते.
डावा: वीस भागिले शंभर.
म्हणजे उजवा श्रेणी चार, डावा श्रेणी एक.
एच चौपन्न, पॉइंट, एक एक चार एक.

आमच्याकडे डोळा लागायचा, डोळे यायचे,
कुणी वटारायचं, कुणी मोडायचं,
कुणाचे निवायचे लेकीला पाहून.
इथे मी सकाळपासून नुसते मोजते आहे.

तासाला बारा फाइली, असं डार्लीन म्हणते.
या एकीत माझी चौदा मिनिटं गेली,
कारण तळाशी नर्सनं एक ओळ टाकलीय:
कॉफी स्वतः ओतते, कपाच्या काठावरून बोट आत घालून.
चटका बसला की थांबते.
चटक्याला कोड आहे.
थांबण्याला नाही.

बाबा कराडला कंपोझिटर होते.
शेवटची काही वर्षं खिळे बोटांनीच वाचायचे,
उलटे, थंड, शिशाचे,
आणि आम्ही घरी म्हणायचो, त्यांना जरा कमी दिसतं.
जरा. ही आमची श्रेणी. तिच्यात सगळं मावायचं.
मग एका लग्नपत्रिकेत ह च्या घरातला द निघाला,
आणि तीनशे पत्रिकांवर छापून गेलं: शुभविवाद.
गाव महिनाभर हसलं.
बाबा म्हणाले, उजेड कमी होता.
दुपारचा एक वाजला होता.

काल रात्री घरचे झोपल्यावर
मी कोऱ्या पानावर त्यांना कोड लावून पाहिला.
दोन्ही डोळे असले की शून्यानंतर एक एक्स येतो.
त्या एक्सला अर्थ नसतो. तो जागा धरून बसतो,
पुढचे आकडे मागे सरकू नयेत म्हणून.
बाबा त्याला कोरा खिळा म्हणाले असते:
उंचीने बुटका, शाई लागत नाही,
कागदावर कधी दिसत नाही,
आणि उपसला तर अख्खी ओळ ढासळते.
एच चौपन्न पॉइंट शून्य एक्स चार चार.
श्रेणी अंदाजाने घातली. अंदाजाला मनाई आहे.

पण पुस्तकात त्याच्याही वर एक सूचना असते:
आधी कारण लिहा, मग अंधत्व.
बाबांना कुठल्या डॉक्टरने तपासलंच नव्हतं.
कारणाच्या रकान्यात मी लिहायला घेतलं:
आठ पॉइंटचा टाइप, चाळीसचा बल्ब,
आम्ही तिघं शिकत होतो

रकान्यात सातच अक्षरं मावतात.

खोडलं. चाळिशी पदराने पुसावी तशी
स्वेटरच्या बाहीने पुसली.
तळघराच्या खिडकीत बर्फ काचेच्या निम्म्यावर आला होता.

आज सकाळची पहिली फाइल:
वय चार वर्षं, डावा डोळा.
चित्रातला घोडा ओळखला.
बदक विचारलं, तर म्हणाली,
तुम्हीच सांगा ना.