सातवं यंत्र

बद्रिया बोटाने मोजते. सहा, सात. झाले सगळे.
ग्राट्सहून आलेलं जोडपं, दोन कोरियन बहिणी,
टोपीवाला इंग्रज, त्याची न बोलणारी मुलगी,
आणि मी.
"तुम्ही कुठल्या?" ग्राट्सची बाई विचारते.
इथलीच, मी म्हणते, पुलापलीकडची.
अकरा वर्षं. क्वार्टर्स, वॉर्ड, सुपरमार्केट, क्वार्टर्स.
शुक्रवार असाच झोपेत जातो.
आठ दिनार भरलेत. मालवणात कुणी विचारलंच
तर सांगेन, फुकट होतं.

प्रत्येकाच्या गळ्यात एक यंत्र, कानात रबराचं बोंड.
बद्रिया वीस पावलं पुढे गेली
तरी कानाशी बोलल्यासारखं ऐकू येतं म्हणे.
माझं सातवं. जरा खरखरलं आणि मेलं.
सांगणार होते,
तेवढ्यात त्या मुलीच्या बुटाची नाडी बांधून झाली
आणि सगळे चालू लागले.

म्हणून मी मुहर्रक पाहिलं
ते तिचे ओठ हलताना.
आणि ऐकलं ते हे:
एसीचं पाणी डब्यात ठिबकतंय,
एका बोळात शिलाईयंत्र, मग बंगाली शिवी,
वरच्या मजल्यावर कुकरची तिसरी शिट्टी.
पोवळ्याच्या दगडाच्या भिंती,
हात लावला तर बोटाला पीठ लागतं.
वळणावळणावर पांढरे दिव्याचे खांब,
टोकाला मोत्यासारखा गोळा.
मोत्यांचा रस्ता आहे, एवढं पाटीवरून कळलं.

अंगणात तिने बादलीतून शिंपले काढले.
एकेक आणि एकेक बोथट सुरी.
इंग्रज घामाघूम. कोरियन बहिणी हसून हसून बेजार.
माझं उघडलं तेव्हा मी दुसरीकडेच बघत होते.
"नख घाल मदी, जोर करू नको गो,"
आई खडकावर उकिडवी बसून सांगायची.
आत मोती नव्हता.
आम्ही कधी शोधलाही नाही, आम्ही खायचो.
बद्रियाने माझ्याकडे बघून भुवई उचलली,
काहीतरी बोलली. मी मान हलवली.

मग एका अंधाऱ्या खोलीत, काचेच्या पेटीत
दोरी, दगड, गळ्यातली टोपली,
आणि कासवाच्या पाठीचा एक चिमटा,
करंगळीएवढा.
बद्रियाने हवेत तो लावून दाखवला:
दोन बोटांनी नाक दाबलं, डोळे मिटले,
छाती भरून घेतली,
आणि दुसऱ्या हाताने नसलेली दोरी एकदा ओढली.

बेड नंबर चौदा.
हाजी मर्झूक. दोन्ही कानांचे पडदे फाटलेले,
फाइलमध्ये लिहिलेलं, "जुने", बस.
सुई घेऊन गेले की म्हातारा नाक दाबायचा.
मला वाटायचं स्पिरिटचा वास सहन होत नाही.
मी कापूस लांब धरायचे. एकदा तर रागावलेही,
त्याला ऐकू येत नाही हे माहीत असून.
रात्री घंटीची दोरी ओढायचा, एकदाच, हलकी.
धावत जावं तर काही नको असायचं.
पाणी नको, भांडं नको.
नुसता बघायचा, मी आले का.
तिसऱ्या आठवड्यात मी दोरी
त्याच्या हाताच्या टप्प्याबाहेर बांधली.

त्या खोलीत किती वेळ उभी होते, ठाऊक नाही.
टोपीवाला परत आला मला बोलवायला.
बाहेर ऊन असं की बोळाच्या सावलीची कड
सुरीने कापल्यासारखी.
हलव्याच्या दुकानात सगळ्यांना चमचाभर दिला.
केशर, तूप, दाताला चिकटणारं.
मीही खाल्ला.

शेवटी बद्रिया पिशवी उघडून यंत्रं गोळा करते.
पाच, सहा.
"सगळं नीट ऐकू आलं ना?"
हो, मी म्हणते.
बिघडलंय ते सांगत नाही.
पुढच्या शुक्रवारी कुणाच्या तरी गळ्यात पडेल.

टॅक्सी पुलावर चढते. दोन्ही बाजूंना पाणी,
उथळ, हिरवं, तळ दिसेल इतकं.
ड्रायव्हर रेडिओ लावू का विचारतो.
मी नाक दाबून बसलेली असते.
"वास येतोय का, मॅडम?"
तो काच खाली करतो.