तूतकलै

एकाहत्तरच्या फेब्रुवारीत शिरगणतीसाठी
दारूखान्याचा गट माझ्या वाट्याला आला.
माझगावच्या म्युनिसिपल शाळेत मी चौथीला भूगोल शिकवायचे,
म्हणूनही असेल.
भंगाराच्या वखारीमागे, नांगराच्या गंजक्या साखळीवर
एक ढगळ पांढरी सलवार वाळत होती, आणि आत
मीरबाज खान, वय अंदाजे पंचाहत्तर, धंदा राखण,
कुटुंबातील माणसे: एक.

जन्मठिकाण?
तूतकलै. तूत म्हणजे तुमची तुती. कलै म्हणजे गाव.
ग्रामीण की शहरी?
तो हसला. म्हणाला, बाई, शहर म्हणजे
जिथं तुमच्या मेलेल्या बापाला कुणी ओळखत नाही.
मी 'ग्रामीण' लिहिलं.

पुढचं फॉर्मात नव्हतं. मीच विचारलं,
मास्तरणीची खोड.
गाव वसवलं चार भावांनी.
तिघांनी ओढ्याचं पाणी वाटून घेतलं,
भोकाचं तांब्याचं भांडं पाण्यात सोडून, बुडेपर्यंत एकाची पाळी
(आमच्या लग्नात घंगाळात सोडतात ते घटिकापात्र, मी म्हटलं.
त्याला लग्नाचं काही कळलं नाही).
चौथा त्या दिवशी शिकारीला गेला होता.
त्याच्या वंशाला अजून 'कोरडे' म्हणतात.
मीरबाज कोरड्यांपैकी.

साहेबाच्या पलटणीनं बुरूज दोनदा पाडला.
दोनदा बांधला, दुसऱ्यांदा कमरेएवढा ठेंगणा,
कारण वरचे दगड छावणीत गेले होते.
मग मानमोडी आली. आठवड्यात बेचाळीस.
कबरी खणणारा एकविसावी खणून
स्वतःच आडवा झाला.
त्यानंतर घरटी एक पुरुष मुंबईला,
गोदीच्या फाटकावर, सावकाराच्या दारात,
किंवा स्वतःच सावकार.

माझे वडील पगाराच्या दिवशी
गिरणीच्या मागच्या दारानं सुटायचे.
पुढच्या दारात काठी टेकून एक उंच साफा उभा असायचा.
तो कोण होता हे मी विचारलं नाही.
फॉर्मात तसा प्रश्न नव्हता.

लोकसंख्या किती होती?
नव्वद बंदुका.
माणसं, खानसाहेब.
तेच सांगतो. नव्वद.
आणि बायका?
बायका मोजत नाहीत.
सरकार मोजतं, मी म्हटलं, आणि पेन्सिल वर धरून थांबले.
बाहेर कुणी जहाजाचा पत्रा घणानं ठोकत होतं.

बऱ्याच वेळानं म्हणाला,
आई सकाळी सतरा रोट्या तंदूरला लावायची.
सहा पुरुष, दोन-दोन. पाहुण्यासाठी एक झाकून.
उरल्या चार, मी म्हटलं. म्हणजे चार बायका.
पाच, तो म्हणाला.
चौथीच्या गणितात हे बसत नव्हतं.

मग साखळीकडे बघत, माझ्याकडे नाही,
परक्या बाईसमोर त्यानं नावं घेतली,
एकेका नावाला एक बोट दुमडून:
जरमीना. पलवशा. बखमीना. स्पोजमै.
अंगठा उरला.
आईचं नाव त्यानं कधी ऐकलंच नव्हतं.
बाप म्हणायचा, ए, मीरबाजची.

माझ्या आईचं लग्नाआधीचं नाव
मला बाराव्या वर्षी कळलं होतं,
तेही मामाच्या घरी, ताटाखाली कोरलेलं.
हे मी बोलले नाही.
फॉर्मच्या मागे चार नावं लिहिली, पाचवी रेघ ओढली.
सुपरवायझर दळवींनी संध्याकाळी
खोडरबर फिरवला; खरं तर नीटच फिरवला,
कागद फाटू दिला नाही.

निघाले तेव्हा तो लाकडाच्या वखारीपर्यंत मागे आला,
धापा टाकत, चप्पल न घालता.
बाई, चुकलं. लिहा,
तुती दोन होत्या. एक पांढरी, एक काळी.
काळी तोडली.
तिच्याखाली खेळलं की कपड्यांचे डाग जात नसत,
आई फार ओरडायची.