खोळ

जमखाना गच्चीवर उन्हात टाकला
तेव्हा पहिल्यांदा नीट दिसला तो चौकोन.
मधोमध, कॅरमबोर्डाएवढा,
तांबडा तो तांबडाच, निळा तो निळाच,
नवलगुंदहून आणला त्या दिवशीसारखा.
आणि चारी बाजूंना चार टकलं,
चार पोरांनी मांड्या घासून घासून पाडलेली,
सुताखालचं सूत दाखवणारी.

भिंतीकडचं आमच्या परशरामचं.
समोरचं ईरण्णाचं, ते जरा जास्त लांबट,
नेम धरताना पुढे पुढे सरकायचा तो.
मुनाफचं.
आणि खिडकीकडचं शिवाप्पाचं,
जो खेळायला कमी, चहाला जास्त यायचा.

माझं टक्कल त्यात नाही.
मी दाराशी, फरशीवर, रहाट घेऊन कांड्या भरायचे.
तेव्हा वडगावात रात्रभर माग चालायचे
आणि तेवढ्या खटखटीतून
सोंगटी पॉकेटात पडल्याचा आवाज
मला वेगळा काढता यायचा.

शेजारची म्हणाली, टाकून दे की ग अक्का,
शहापुरात प्लास्टिकचं मिळतंय, पुसलं की झालं.
म्हटलं, खोळ घालते.
कारखान्यातून दोन डागी साड्या आणल्या, जांभळ्या,
काठाजवळ तेलाचे ठिपके.
विकायला वाईट, शिवायला काय वाईट?

मशीनखाली जमखाना जात नाही.
हातानंच. दाभण, मेण लावलेला दोरा,
अंगठ्याला सायकलच्या ट्यूबचा तुकडा.
आधी काठीनं झोडपला तर
पांढरं उडालं, माझ्या केसांवर बसलं,
आधीच्या पांढऱ्यात मिसळलं.
बोरिक पावडर.
एकोणीस वर्षं झाली बोर्ड मोडीत देऊन.

तिसऱ्या कोपऱ्यात दाभण अडलं.
आईनं कधीतरी लावलेल्या पट्टीच्या आत
काहीतरी गोल, कडक.
बटण असेल म्हणून उसवलं.

राणी.
एका कडेला दातांची खूण.
विचार करताना मुनाफ चावायचा.

हिच्यावरूनच झालं होतं.
परशराम म्हणाला, तूच खिशात घातलीस.
ईरण्णा उठला, चप्पल पायात सरकवली,
आणि आमच्या घरात पहिल्यांदाच कानडीत बोलला:
ननगेनू गोत्तिल्ल.
मला काही ठाऊक नाही, एवढंच.
मराठीत म्हणाला असता तरी तेवढंच.

पण त्याच आठवड्यात चौकातल्या पाट्यांना
कुणीतरी डांबर फासलं होतं.
गल्लीनं ठरवून टाकलं, भांडण भाषेवरून झालं.
पुढे पुढे परशरामलाही तसंच आठवायला लागलं.
असेल. भाषेवरून भांडलो म्हटलं की
चारचौघांत जरा मान राहतो,
सोंगटीवरून भांडलो कसं सांगणार?

परशराम चाकणला असतो.
मुनाफला जाऊन तीन वर्षं झाली.
शिवाप्पा कुठल्याशा लग्नात भेटतो, चहा विचारतो.
ईरण्णाचं नळा-पाइपांचं दुकान इथंच, वळणावर.
मी पुढून गेले की तो मान खाली घालून
हातात असलेली पट्टीच शोधायला लागतो.

तीन बाजू शिवून झाल्या.
चौथीला टाका घातला नाही, नाड्या लावल्या,
धुवायला काढता यावी म्हणून.
म्हणजे, धुवायला तर आहेच.

संध्याकाळी अंथरला.
जांभळ्याखाली कोण कुठं बसायचं
ते आता फक्त तळव्याला कळतं,
चार ठिकाणी पाय किंचित खाली जातो.
मी बरोबर मधे बसले,
जिथं कधीच कुणी बसलं नव्हतं.
मऊ आहे तिथं. अजून.

मोरीतला नळ चार महिने गळतोय.
उद्या जाते.
वायसर पाहिजे म्हणेन,
तो वर न बघता माप विचारेल,
नमुना आणलाय का म्हणेल.
आणलाय.
थोडा मोठा आहे,
तांबडा,
कडेला जरासा चावलेला.