अर्धा टिप्पर

आमच्याकडे लग्न आधी टेबलावर होतं,
मग मांडवात.
डिचोलीच्या कचेरीत दुसरी सही केली तेव्हा
कारकून चष्म्यावरून बघत म्हणाला होता,
"आता त्याचं ते अर्धं तुझं, तुझं ते अर्धं त्याचं, बाये."
मी लाजले.
मला वाटलं, सुखदुःखाचं बोलतोय.

सतरा वर्षांनी तोच कायदा
बेलिफ कायतानच्या काखेत घामेजून
माझ्यापुढे आमच्या पायऱ्या चढला.
(आमच्या. जिभेची सवय जात नाही.)

उल्हासने दाढी केली होती.
खुर्च्या पुसून मांडल्या होत्या,
स्वतः मात्र बसला नाही,
नवख्या जावयासारखा भिंतीला टेकून राहिला.
"लिहा," म्हणाला. "बघा आणि लिहा."

कपाट, लोखंडी, आरसा तडकलेला.
फ्रीज, चालू.
समया दोन, पैकी एक डुगडुगती.
शिलाईचं मशीन.
"ते माझ्या आईने दिलंय."
कायतानचं पेन थांबलं, पण त्याने वर बघितलं नाही.
"ह्या कायद्यात आई नसते, बाये. सगळी एकच पिशवी."
आणि लिहिलं: मशीन, पायाचं, एक.
अख्ख्या सुर्ल गावाचे ब्लाउज शिवले मी त्याच्यावर.
आता त्याचा एक पाय उल्हासचा.

मग मागीलदारी.
फणसाखाली टिप्पर उभा होता,
खाण बंद पडली त्या दिवशी लावला तसाच, तोंड रस्त्याकडे,
जणू भोंगा झाला की निघेल.
टायर गेलेले. हौद्यात साचलेलं पाणी, पाण्यात अळू.
काचेवर लाल धूळ अजून तीच,
आणि काचेच्या वर पिवळ्या रंगात माझं नाव,
पेंटरने वेलांटी चुकवलेलं: वैजयंति.

माझे नऊ तोळे त्या इंजिनात होते.
पाटल्या, मोहनमाळ, कानांतली फुलं,
शिगम्याच्या आदल्या दिवशी मोडली साखळीच्या सोनाराकडे,
दोघांनी मिळून.
परतताना स्कूटरवर मी हसत होते.
वकिलाला हे सांगितलं नाही.

"किंमत?" कायतानने विचारलं.
"भंगार. किलोवर जाईल."
"सोसायटीचं कर्ज आहे ना ह्याच्यावर?"
कुणी बोललं नाही.
"ते पण अर्धं अर्धं," कायतान म्हणाला
आणि माझ्याकडे बघून उगाच खोकला.

ड्रायव्हरच्या सीटखाली कोंबडीने अंडी घातली होती.
सात.
तिघांनीही मनात मोजली.
वाटणीच्या घरात सात हा वाईट आकडा.

समोरचा कप्पा मी उघडला.
वाळकं लिंबू, एक पाना, मंगळुरी विड्यांचं रिकामं बंडल,
आणि प्लास्टिकमध्ये दोनदा गुंडाळून, रबर लावून,
सोनाराची पावती.
तोळे नऊ, ग्रॅम तीन.
शाई जांभळी पडलेली.
रबर नवं होतं.

मी उल्हासकडे बघितलं.
तो वर फणस मोजत होता,
आणि झाडावर एकही फणस नव्हता.

"हे यादीत येतं?" मी विचारलं.
कायतानने पावती उलटीसुलटी केली, परत दिली.
"कागदाला किंमत नाही.
बाकी कशालाही निकाल लागेपर्यंत हात लावायचा नाही. कुणीच."

पावती मी पर्समध्ये ठेवली.
रबर काढून उल्हासच्या तळहातावर ठेवलं.
त्याने मूठ मिटली.
त्या दिवशी वाटणी म्हणाल तर एवढीच झाली.

फाटकापर्यंत गेले आणि वळून बघितलं:
कोंबडी पायदानावरून उडी मारून
पुन्हा आत जात होती,
कायतानकडे संशयाने बघत.