वाफेचा आवाज

आइलाबाईंच्या सौनात माझा माईक मेला.
ऐंशी अंशांवर, सगळ्यात वरच्या फळीवर,
टॉवेलात गुंडाळून ठेवला होता बाळंतिणीसारखा,
तरी गेला.

चित्र आलंय सगळं.
काजळलेल्या लाकडी भिंती, बसकी चूल,
गोठलेल्या तळ्यात कापलेलं चौकोनी भोक,
बर्चच्या ओल्या डहाळीने स्वतःच्याच पाठीवर मारून घेणारी
एक्क्याऐंशी वर्षांची बाई,
आणि तापल्या धोंड्यांवर पाणी ओतणारा तिचा हात.
ओततानाचा आवाज तेवढा नाही.
त्या जागी एक सरळ रेघ.

त्या वाफेला त्यांच्यात वेगळा शब्द आहे, लोयलू.
आइलाबाई म्हणाल्या, फार पूर्वी
त्याचा अर्थ जीव असा होता.
मी मान डोलावली
आणि लेन्स पुसली.

उद्यमनगरात, एका लेथ कारखान्याच्या माडीवर,
सहा महिने मी हे कापतेय, जोडतेय.
खाली मशीन सुरू झालं की
फिनलंडचं तळं टेबलावर थरथरतं.

अण्णा डबा घेऊन आले.
चौतीस वर्षं फौंड्रीत, भट्टीवर.
उभ्याउभ्याच वीस मिनिटं बघितलं,
मग विचारलं, "ह्यास्नी पगार किती?"
पगार नाही अण्णा. हे सुख आहे त्यांचं,
शनिवारी संध्याकाळचं.
"आसं व्हय,"
आणि डब्याचं झाकण
उगीचच दोनदा लावलं, काढलं.

मग त्यांना ती रेघ दाखवली.
"एवढंच? रविवारी ये मागच्या आवारात."

मी पंचगंगेवरून तीन धोंडे आणले होते,
गुळगुळीत, फोटोत शोभतील असे.
अण्णांनी ते कुंपणापलीकडे फेकून दिले.
"नदीचा धोंडा पोटात पाणी धरून असतोय.
तापला की फुटणार. डोळा जाईल.
रंगरावचा काय उगंच गेलता?
साच्यात एवढीशी ओल ऱ्हायलेली."
रंगरावकाकांचा काचेचा डोळा.
लहानपणी मी त्यांना तो फिरवून दाखवा म्हणायची
आणि ते दाखवायचे.

जोतिबाच्या वाटेवरचा काळा दगड,
जुन्या पिंपाची चूल, लेथवरच्या लाकडी पेट्या सरपणाला.
दोन तास.
पहिला तांब्या त्यांनी आग विझवायला ओतावा तसा ओतला.
हळू, अण्णा.
झोपलेल्याच्या अंगावर पांघरूण घालतात, तसं.
मग जमलं.
आधी चर्र, मग लांबच लांब स्स्स्,
आणि शेवटी
दगडाने काहीतरी परत आत ओढून घ्यावं, असं.

सात टेक झाले. झालं म्हणाले मी.
ते उठले नाहीत.
शर्ट काढून खुंटीला लावला, बनियनवर बसून राहिले,
हात गुडघ्यांवर, मान जराशी खाली.
कोपरापासून मनगटापर्यंत ठिणग्यांचे पांढरे डाग,
ज्वारी सांडल्यासारखे.
वाफ त्यांच्या तोंडावरून वर गेली.
त्यांनी ती जाऊ दिली.

बऱ्याच वेळाने म्हणाले,
"भट्टीफुडं कवा बसलोच न्हाई आमी.
उभंच."

मी रेकॉर्डर बंद केला नव्हता.

आता तेविसाव्या मिनिटाला
आइलाबाई पाणी ओततात आणि
उद्यमनगर ऐकू येतं.
कानाला हेडफोन लावलात तर वाफ विरल्यावर
एका माणसाचा श्वास, जड,
नाकातून सोडलेला.
आइलाबाईंचा नाही तो. मी कापला नाही.
त्यांना कळवलंय सगळं. उत्तर अजून नाही.

शेवटी नावं येतात तिथे काय लिहू,
म्हणून अण्णांना विचारलं.
"नाव नगं घालूस," म्हणाले,
"पीएफचं काय झालं, तेवढं बघ."