पुरसिस

अर्जदार हेमलता दामोदर पावसे,
वय चोपन्न, धंदा बर्फ,
राहणार पाजपंढरी, तालुका दापोली.
‘धंदा बर्फ’ टाइप करताना
टायपिस्टानं एकदा मान वर केली, पुन्हा खाली घातली.

बँकेच्या पत्रात कलम चार:
रक्कम भरल्याबरोबर दावा बिनशर्त काढून घ्यावा.
बिनशर्त तेवढं जाड ठशात.
मागत होते एकतीस लाख,
ठरले एकोणीस, तीन हप्त्यांत.
वकील म्हणाले, वहिनी, तडजोड चांगली आहे.
चांगलीच आहे. मी कुठे नाही म्हटलं?

पण दाव्यात परिच्छेद सात आहे.
त्या ऑक्टोबरात बावटा चढला,
होड्या तेवीस दिवस खाडीत,
लाद्या साच्यातून निघाल्याच नाहीत,
आणि व्याज वाढवल्याच्या कागदावर दामोदरची सही.
दामोदर त्या दिवशी डेरवणच्या दवाखान्यात,
नाकात नळी.
त्याचा द गळासारखा असायचा, खाली जाऊन वर वळलेला.
कागदावरचा द काठीसारखा उभा.
हे मी कोर्टाला सांगणार होते.
सहा वर्षं तोंडपाठ करून ठेवलं होतं,
साक्षीचा नंबर लागलाच नाही.

साहेबांनी विचारलं, स्वखुशीनं काढून घेताय?
कोणाचा दबाव?
दबाव मला कळतो, साहेब.
बारा वर्षं अमोनियाच्या काट्यावर नजर ठेवलीय,
तांबड्या रेघेच्या किती अलीकडे थांबायचं ते कळतं.
म्हटलं, नाही. कोणाचा नाही.

‘दावा काढून घेतल्याने निकाली.
खर्चाबाबत आदेश नाही.’
निकाल नाही, पण निकाली.
परिच्छेद सात खोटा ठरला नाही, खराही ठरला नाही,
फाइलीत शिवून रेकॉर्ड रूममध्ये गेला.
वाळवीला वाचता येत असेल तर वाचेल.

बोजा उतरल्याचा दाखला पिशवीत,
त्याची एक झेरॉक्स उस्मान बांगीसाठी.
तो जामीनदार.
दामोदरनं चहा पाजून सही घेतली होती.
नंतर त्याच्या दारावर नोटीस चिकटली,
आत मुलीच्या लग्नाची मंडळी बसलेली.
तो भांडायला आला नाही.
आमच्याकडचा बर्फ न्यायचा बंद केला, एवढंच.
दाभोळहून आणायचा, भाडं भरून.

हर्णैला एसटीतून उतरले
तेव्हा लिलाव संपत आला होता.
त्यानं झेरॉक्स उजेडाकडे धरली,
पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली,
घडी घालून खिशात ठेवली.
म्हणाला, भाभी, सुरमय आलीय, न्या.
नेली.

रात्री नऊला कारखान्याच्या दारात टेम्पो.
त्याचा पोरगा. बाबांनी दहा लाद्या सांगितल्यात.

अरे, म्हटलं, कॉम्प्रेसर विकला.
तिसरा हप्ता कशातून भरला वाटतं तुला?
बर्फ नाही.

त्यानं आत पाहिलं,
पाया उरलेला, चार बोल्ट वर आलेले.
मग फोन लावला, पलीकडून काय सांगितलं कोण जाणे,
इंजिन बंद न करता
तसाच उभा राहिला.