डब्याचा कान

भिंतींना कान असतात, हे दुरेसमध्ये
मुलांना पाढ्यांच्या आधी शिकवायचे.
आमच्या छपरालाही होता एक:
सार्डिनच्या रिकाम्या डब्याचा, तांब्याच्या तारेचा,
वडिलांनी कारखान्यातून मोज्यात लपवून आणलेल्या
दोन स्क्रूंवर उभा.
दिवसभर तो तिरानाकडे तोंड करून
शहाण्या मुलासारखा बसायचा.
रात्री दहानंतर बार्दिल वर चढायचा
आणि त्याचं तोंड हळूच समुद्राकडे फिरवायचा.

"आता?"
"मुंग्या."
"आता?"
"अजून मुंग्याच. थांब. थांब!
एक बाई आली."

बाई भांडी घासत होती, हसत हसत.
भांडी घासताना कुणी हसतं
हे आई पहिल्यांदाच पाहत होती.
तिला पलीकडची भाषा येत नव्हती,
बार्दिल कुजबुजत सांगायचा:
ती म्हणतेय, डाग निघून जातात.
आई विचारायची, कुठे जातात?

आमच्या टीव्हीवर गहू पिकायचा.
दरवर्षी मागच्या वर्षाहून जास्त, इतका, की
पावाच्या रांगेत उभं राहायची
आपली आपल्यालाच लाज वाटावी.
वडील म्हणायचे, दोन्ही खोटंच,
पण पलीकडचं खोटं निदान रंगीत असतं.
आमचा संच काळा-पांढरा होता.
तरी आम्ही माना डोलावल्या.

खालच्या मजल्यावरचा रापो
आमच्याबद्दल वर लिहून कळवतो म्हणे.
एकदा फुटबॉलच्या रात्री वाऱ्याने डबा फिरला,
आणि खालून छताला काठी ठोकली गेली, तीनदा.
आम्ही श्वास धरून बसलो.
सकाळी बार्दिलने पाहिलं:
रापोची वायर आमच्याच डब्याला होती.

मग तो ऑगस्ट.
बंदरात जहाज लागलंय, एवढंच कुणीतरी म्हणालं.
रेडिओवर नाही, पेपरात नाही, नुसतं तोंडी,
आणि दुपारपर्यंत गल्लीत फक्त म्हातारे उरले.
बार्दिल दोरखंडाला लोंबकळून चढला.
अंगावर एक शर्ट,
तोंडात जाहिरातींतून गोळा केलेले वीसेक शब्द:
सुप्रभात. मऊ. संपूर्ण कुटुंबासाठी.
ओरखडा न पडता.

तिसऱ्या रात्री छपरावर मी चढले.
लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं,
तरी सवयीने रात्रीच.
"आता?"
"मुंग्या," आई खालून म्हणाली.
मी डबा बोटभर फिरवला.
"अजून मुंग्याच."
आणखी बोटभर.
"मुंग्याच गं. जास्तच झाल्या."

खाली येऊन पाहिलं तर
चित्र स्वच्छ होतं. इतकं स्वच्छ कधीच नव्हतं.
हेलिकॉप्टरमधून टिपलेलं
बारीचं स्टेडियम होतं ते.

आईला मी सांगितलं नाही, पण तिला कळलं असावं.
तिने चष्मा पदराला पुसावा तसा
गाऊनच्या टोकाला पुसला,
आणि काचेवर बोट ठेवलं: हा.
मग जरा बाजूला: नाही, हा.
चापून भांग पाडलेल्या माणसाने
एक आकडा सांगितला, त्यात नाव नव्हतं.
आणि मग ती बाई आली, भांडी घेऊन.
तेच हसू.
बार्दिलशिवाय सांगणारं कुणी नव्हतं
ती काय म्हणतेय ते.
आईनेही काही विचारलं नाही.

काचेवर तिच्या बोटाचे ठसे राहिले होते.
वडील फडकं घेऊन उठले,
आणि परत बसले.

बार्दिल आता ब्रिंडिसीला लोकांच्या छपरांवर डिश बसवतो.
(दोनदा परत पाठवला गेला. तिसऱ्यांदा राहिला.)
मागच्या उन्हाळ्यात मी गेले होते.
जेवताना बातम्या चालू, मोठा पडदा, सगळे रंग.
समुद्र दिसला. समुद्रावर रबराची बोट,
बोटीवर, आपलं ते, काळं काळं.
भाच्याने रिमोट उचलला.
बार्दिल म्हणाला, ठेव.
काटा-चमचा खाली ठेवून तो उठला,
पडद्याला नाक लागेल इतका जवळ गेला
आणि बोटाने मोजायला लागला,
एकेक, आमच्या भाषेत, मोठ्याने.
अकरापर्यंत पोचला.
मग बिस्किटं आली.